काळ लिहून ठेवणाऱ्याला मराठीत काय म्हणावे?

मूळ प्रश्न

एक कथा लिहीत आहे. त्यात लेखनिकांची एक जुनी संघटना आहे. सरलेला काळ लिहून काढायचा आणि लिहिलेला सांभाळायचा, एवढेच तिचे काम. नोंदीवाचून गेलेली घटका कायमची गेली, अशी त्यांची श्रद्धा. सभासदाला आणि संघटनेला अशी दोन नावे हवी आहेत. सध्या 'काललेखक' आणि 'कालरक्षक संघ' असे योजले आहे, पण वाचताना खटकते. का, ते नेमके सांगता येत नाही.

प्रतिसाद

सुटा 'काल' म्हणजे आजचा आदला दिवस. 'कालगणना', 'कालखंड' हे शब्द रुळलेले आहेत म्हणून तिथे कुणी अडखळत नाही, पण नव्या शब्दाला ती सवलत मिळत नाही. 'काळ' म्हणावे तर मरण जवळ येते. 'काळ आला होता पण वेळ आली नव्हती' या म्हणीत काळ म्हणजे मृत्यूच. त्यामुळे काळाचा लेखक म्हटला की आधी चित्रगुप्त डोळ्यांसमोर उभा राहतो. तुमची माणसे कुणाचे पापपुण्य मांडत नसतील तर ही छाया टाळलेली बरी.

'वेळ' घेतला तर क्रियापदे आडवी येतात. वेळ वाचवणे म्हणजे काम लवकर उरकणे, वेळ पाळणे म्हणजे ठरल्याप्रमाणे हजर होणे, वेळ मारून नेणे तर भलतेच. यातल्या एकाही प्रयोगात वेळ जपून ठेवला जात नाही. शिवाय 'तो वेळ' म्हणजे अवधी आणि 'ती वेळ' म्हणजे नेमकी घडी. तुमचे लेखनिक यातले काय लिहितात, हे आधी ठरवा.

'रक्षक' म्हटले की दाराशी पहारेकरी दिसतो. लिहिलेले सांभाळणाऱ्यासाठी आपल्याकडे 'दप्तरदार' हा घडीव शब्द आहे. लिहिणारा वेगळा, दप्तर राखणारा वेगळा, ही विभागणी भाषेतच आहे. दोन्ही कामे एकाच शब्दात कोंबू नका, असे मला मनापासून वाटते.

प्रतिसाद

दप्तरदाराशी सहमत. लिहिणाऱ्यासाठी 'नीस' घ्या. फारसी 'नवीस' म्हणजे लिहिणारा, त्याचा मराठीत 'नीस' झाला. चिठ्ठ्या लिहिणारा चिटणीस, फर्द म्हणजे हिशेबाची यादी, ती लिहिणारा फडणीस, टिपणे ठेवणारा टिपणीस. तुमच्या कामाच्या सर्वांत जवळचा 'वाकनीस'. 'वाकिआ' म्हणजे घडलेली गोष्ट. ती टिपून ठेवणारा तो वाकनीस. 1674 च्या राज्याभिषेकाच्या सुमारास पदांना संस्कृत नावे दिली गेली, तेव्हा वाकनीस 'मंत्री' झाले आणि सुरनीस 'सचिव'. नाव भारदस्त झाले, पण 'मंत्री' या शब्दातून लेखणी नाहीशी झाली. म्हणून संस्कृत जोडशब्द दिसला की लगेच हुरळून जाऊ नये.

तुमच्यासाठी 'पळनीस' सुचवतो. आटोपशीर आहे आणि उच्चारायलाही सोपा.

प्रतिसाद

'पळनीस' ऐकायला गोड आहे, पण हिशेब मांडून पाहा. 60 पळांची एक घटका आणि 60 घटकांचा दिवस. म्हणजे घटका 24 मिनिटांची आणि पळ 24 सेकंदांचे. पळापळाची नोंद ठेवायची तर दिवसाला 3600 नोंदी होतात. बोरू दौतीत बुडवून, निथळून कागदावर टेकवेपर्यंत पुढचे पळ सुरू! माणूस लिहील कधी? घटकेची नोंद मात्र शक्य आहे. घटिकापात्र आठवा: बुडाला बारीक छिद्र असलेली वाटी पाण्यावर तरंगत असते, हळूहळू भरते आणि बुडते. ती बुडाली की एक घटका. 'घटका भरली' हा प्रयोग त्या वाटीचाच आहे.

शब्दही नियमाने घडतो. 'जमा'चे सामान्यरूप 'जमे', त्यावरून जमेनीस. तसा 'घटका'वरून 'घटकेनीस'. त्याचे काम आणि पद ती 'घटकेनिशी', जशी चिटणिशी. स्त्री असली तरी घटकेनीसच म्हणावे. '‑ईण' लावले की जुन्या वळणाने ती त्याची बायको ठरते.

संघटनेसाठी 'संघ' नको, 'मंडळ' तर नकोच. 'श्रेणी' घ्या. आज हा शब्द 'अ श्रेणी', 'ब श्रेणी' असा गुणपत्रिकेपुरता उरला आहे, पण कारागिरांच्या संघटनेला हेच नाव होते. नाशिकच्या लेण्यांत उषवदाताचा, म्हणजे क्षत्रप राजा नहपानाच्या जावयाचा, लेख आहे. त्याने 3000 कार्षापण, म्हणजे त्या काळची नाणी, गोवर्धन इथल्या श्रेणींकडे ठेवले, 2000 विणकरांच्या एका निकायाकडे, म्हणजे संघटनेकडे, आणि 1000 दुसऱ्याकडे. मूळ रक्कम कधी परत घ्यायची नाही, फक्त तिच्या व्याजातून भिक्षूंचा खर्च चालवायचा. अशा ठेवीला त्या लेखातला शब्द आहे 'अक्षयनीवी'. मला तर वाटते, तुमच्या दप्तरखान्याला याहून चांगले नाव मिळणार नाही. ज्याला हात लावायचा नाही, पण ज्याच्या आधाराने जगायचे, असे मुद्दल!

अजून एक शब्द ठेवून घ्या. अशोकाच्या चौदाव्या शिलालेखात मजकुरात काही उणे राहिले असेल तर त्याची कारणे दिली आहेत. त्यांपैकी एक 'लिपिकराचा अपराध', म्हणजे लिहिणाऱ्याची चूक. चुकलेल्या नोंदीला तुमच्या श्रेणीत 'लिपिकरापराध' म्हणता येईल.

मूळ प्रश्नकर्ता

सर्वांचे मनापासून आभार. घटकेनीस, दप्तरदार, श्रेणी आणि अक्षयनीवी हे चारही शब्द घेतले. 'लिपिकरापराध' वाचून तर कथेचा मधला भागच बदलला. पहिले वाक्य आता असे आहे: 'वाटी बुडाली तेव्हा घटकेनिसाचा बोरू कोरडा होता.'

'घटकेनिसाचा' की 'घटकेनीसाचा', यावर थोडा वेळ घालवला. चिटणिसाचा, फडणिसाचा असे आपण ऱ्हस्व लिहितो, म्हणून तसेच ठेवले आहे. कुणाला चूक वाटल्यास जरूर सांगा, छापण्याआधी दुरुस्त करता येईल.