लॉजमध्ये 19 वर्षे राहणारी व्यक्ती भाडेकरू की पाहुणा?

निपाणीकर: माझे मामा तंबाखूच्या वखारीत दिवाणजी होते. निवृत्तीनंतर ते बेळगावात खडेबाजारालगतच्या एका जुन्या लॉजमध्ये महिन्याच्या बोलीवर राहू लागले, त्याला 19 वर्षे झाली. त्यांच्यासारखे आणखी तिघे तिथे आहेत. बाकीच्या खोल्या गळतीमुळे बंदच असतात. आता नव्या मालकांनी महिनाअखेर खोली सोडण्यास तोंडी सांगितले आहे. लॉजमधील पाहुण्याला कसलाच हक्क नसतो, हे त्यांचे म्हणणे बरोबर आहे का?

शहापूरकर: पावतीवर ‘लॉजिंग’ छापले आहे, एवढ्यावरून ते ठरत नाही. जागा वापरण्याची नुसती परवानगी वेगळी आणि जागेचा ताबा देणारा भाडेपट्टा वेगळा. सर्वोच्च न्यायालयाने 1959 मध्ये दिल्लीतील एका हॉटेलातील खोल्यांच्याच खटल्यात, कागदावरील शब्दांपेक्षा व्यवहाराचे खरे स्वरूप आणि उभयतांचा हेतू पाहावा, असे म्हटले होते. म्हणून आधी सांगा, खोलीला कुलूप कोणाचे आहे आणि चादरी कोण बदलतो?

निपाणीकर: कुलूप मामांचेच आहे. पूर्वी चादर, सकाळचे गरम पाणी, चहा आणणारा पोरगा, सगळे होते. ते एकेक करून बंद पडले आणि आता झाडलोटही मामाच करतात.

टिळकवाडीकर (वकील): मग लॉजची अवकळाच, विचित्र वाटले तरी, तुमच्या मामांच्या बाजूने बोलते, कारण सेवा संपल्यावर उरते ती केवळ भाड्याची खोली. मात्र विधिमंडळाच्या हिवाळी अधिवेशनात शहरात खोल्या मिळेनाशा होतात, तेव्हा मॅनेजरच्या सांगण्यावरून त्यांनी कधी खोली रिकामी केली होती का? तसे असल्यास मालक ताबा आपलाच असल्याचे म्हणतील. 1999 चा कर्नाटक भाडे कायदा ठरावीक रकमेहून अधिक मासिक भाड्याच्या जागांना लागू होत नाही, तेव्हा पावतीवरील रक्कमही पाहावी लागेल. ताबा मामांचा असून न्यायालयाच्या आदेशाविना त्यांना बाहेर काढले, तर विशिष्ट साहाय्य कायद्याच्या कलम 6 खाली सहा महिन्यांच्या आत दावा करता येतो.

निपाणीकर: दोनदा ते आमच्याकडे येऊन राहिले होते खरे, पण त्यांची ट्रंक आणि देव्हारा खोलीतच होता, आणि किल्ली त्यांच्या खिशात होती. पहिल्या वर्षापासूनच्या पावत्या बिस्किटांच्या डब्यात आहेत; त्या घेऊन सोमवारी वकिलांकडे जातो.