मदत हवी आहे : अनुदान वसुलीच्या नोटिशीविरुद्ध हायकोर्टात जावं का?

नमस्कार मंडळी. नाशिकच्या अंबडला आमचं छोटं सुट्या भागांचं वर्कशॉप आहे. राज्य सरकारच्या, उद्योगांना अनुदान देणाऱ्या सामूहिक प्रोत्साहन योजना २०१३ खाली पात्रता प्रमाणपत्र मिळालं, अनुदानही जमा झालं. आता अचानक सरकारी नोटीस आलीय : अटींचा भंग, रक्कम व्याजासह परत करा, नाहीतर जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसुली. कुठली अट मोडली, हे एका ओळीतही लिहिलेलं नाही. सुनावणी तर झालीच नाही.

वकील म्हणतात, राज्यघटनेच्या कलम २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका (सरकारी आदेशाला आव्हान) करा. म्हणणं न ऐकता काढलेली मागणी टिकणं अवघड. सर्वोच्च न्यायालयाच्या मोतीलाल पदमपत शुगर मिल्स निकालाचा आधारही ते सांगतात : सरकारच्या आश्वासनावर विसंबून पैसा गुंतवला, तर सरकारला सहज शब्द फिरवता येत नाही. पण आधी लेखी उत्तर द्यावं की थेट याचिका?

सातपूर, सिन्नरकडच्या कुणी अशी याचिका केलीय का? स्थगिती देताना कोर्टानं काही रक्कम भरायला लावली का? कामगारांचे पगार थांबवून पैसे भरायची वेळ येऊ द्यायची नाहीये. अनुभव असेल तर कृपया सविस्तर लिहा.