मदत हवी आहे: गोष्टीतला मिती जोडणारा पदार्थ पटेल असा कसा लिहू?

नमस्कार मंडळी, फोंड्याहून लिहितेय. आमच्या वाड्यावरच्या मंडळाचा दिवाळी अंक निघतो, त्यासाठी विज्ञानकथा लिहायला घेतलीय, चवथीआधी द्यायचीय आणि तीन आठवडे एकाच जागी अडकून पडलेय.

कथा अशी की डिचोलीकडे एका बंद खाणीच्या खंदकात, पाणी ओसरल्यावर, एका लादी मिस्त्रीला राखाडी रंगाचा तुकडा मिळतो आणि तो पदार्थ आपल्या तीन मिती पुढच्या मितीला जोडतो. इथवर ठीक आहे. पण पुढे काहीही लिहिलं की त्याची जादूच होते, भिंतीतून हात जातो, बंद डब्यातला लाडू बाहेर येतो, आणि मला ते नकोय. मला एकच नियम हवाय, जो पदार्थ कधी मोडणार नाही आणि वाचणाऱ्याला हातात धरल्यासारखा कळेल.

मिस्त्री का, तर माझे बाबा तीस वर्षं लाद्या बसवतायत. लहानपणी मी त्यांना विचारलेलं की पाच बाजूंची लादी का नसते, तेव्हा त्यांनी उरलेल्या टाईल्सचे कटरने तीन पंचकोन कापले, बल्कांवात, म्हणजे घरापुढच्या ओट्यावर, टोकाला टोक लावून ठेवले आणि म्हणाले, "बघ, सांधा मिळना." प्रत्येक कोन १०८ अंशांचा, तीन मिळून ३२४, म्हणजे ३६ अंशांची फट उरते आणि चौथा तिथे मावत नाही. ती फट मला अजून डोळ्यासमोर दिसते.

मग वाचता वाचता क्वासिक्रिस्टल सापडले, म्हणजे अणू शिस्तीत मांडलेले असूनही तीच नक्षी ठरावीक अंतराने पुन्हा न येणारे पदार्थ. १९८२ साली डॅन शेख्टमन या इस्रायली शास्त्रज्ञांना अॅल्युमिनियम-मँगनीजच्या मिश्रधातूत पाचाची सममिती दिसली, म्हणजे पंचकोनासारखी पाचव्या हिश्शाने फिरवली तरी तशीच दिसणारी रचना, स्फटिकात असं असूच शकत नाही असं तेव्हा सगळे धरून चालले होते, त्यांना बरंच ऐकून घ्यावं लागलं आणि २०११ ला नोबेल मिळालं. गणितात ही रचना म्हणजे सहा मितींतल्या साध्या जाळीची आपल्या तीन मितींत पडलेली सावली अशी मांडता येते! वाचून अंगावर काटा आला. पण सावली नुसती दिसते, करत काही नाही, माझ्या पदार्थाने काहीतरी करायला हवं ना. काय करावं त्याने?

प्रतिसाद:
ताई, फट हाच तुमचा नियम आहे. पुठ्ठ्याचे तीन पंचकोन एका टोकाशी जोडा आणि फटीच्या दोन्ही कडा ओढून एकमेकींना चिकटवा. सपाट राहून ते जमतच नाही, मधला कोपरा वर येतो. असे बारा लावले की बंद गोळा होतो, म्हणजे दोन मितींत न मिळालेला सांधा तिसरीत मिळाला. आता एक पायरी वर चढा. तसे बारा बाजूंचे तीन ठोकळे एका कडेभोवती लावले तर साधारण १० अंशांची फट राहते, चौथी मिती असेल तर तीही मिटते आणि १२० ठोकळ्यांची आकृती पुरी बंद होते. हे गणितात खरंच आहे. तुमचा पदार्थ फट राहू देत नाही, बस्स, बाकी सगळं त्यातूनच होऊ दे.

धागाकर्ती:
खूप खूप आभार! रात्री जेवणं झाल्यावर बिस्किटांच्या खोक्याचा पुठ्ठा कापून सेलोटेप लावली आणि कोपरा खरंच वर आला, बाबा कितीतरी वेळ ते हातात घेऊन फिरवत बसले होते. आता प्रसंग असा लिहितेय की मिस्त्री तीन ठोकळे जवळ आणतो, फट मिटते, आणि ठोकळे उचलले गेले खरे पण कुठल्या बाजूला ते त्याला बोटाने दाखवता येत नाही. त्या क्षणी त्याला काय दिसेल, ठोकळे चेपल्यासारखे दिसतील का? आणि पदार्थाचं नाव सांधाच ठेवलं तर चालेल ना, की फार घरगुती वाटतं?