मल्याळी दिग्दर्शक के. जी. जॉर्ज 'नुसते थ्रिलरवाले'? काहीही हं!

तळ्यातला_मासा
काल मल्याळी सिनेमाच्या गप्पांत एकाने ठोकून दिलं : "सामाजिक भान अडूर गोपालकृष्णन, अरविंदन या समांतर सिनेमावाल्यांचं. जॉर्ज म्हणजे खून-तपासवाला गल्लाभरू." उत्तर लांबलं, म्हणून वेगळा धागा.

'यवनिका'त (१९८२) खून आहे, मान्य. पण नाटक कंपनीचा तबलजी गायब होतो आणि त्याच्यावाचून कुणाचं फारसं अडत नाही, हे किती सावकाश उलगडतं बघा. 'पंचवडी पालम' (१९८४) : धडधाकट पूल धोकादायक ठरवून नवा बांधायचा पंचायतीचा घाट, अध्यक्षाचं नाव दुःशासन कुरुप! नवा पूल कोसळतो तेव्हा मरतो कोण, तर अपंग कातवरायन.

आणि 'आदामिन्टे वारियेल्लु' (१९८३). तिघी बायका. कंत्राटदाराची बायको जीव देते, नोकरदार वासंती वेड्यांच्या इस्पितळात, मालकापासून दिवस गेलेली मोलकरीण अम्मिणी सुधारगृहात. शेवटी सुधारगृहातल्या बायका दार लोटून धावत सुटतात, त्या कॅमेरा आणि खुद्द जॉर्जना बाजूला सारून. हे गल्लाभरू?

लॉकॉलेज_रोड
तो 'एक' मीच. नाव घ्यायला लाजू नका.
'लेखायुडे मरणम् ओरु फ्लॅशबॅक' सोयीस्कर विसरलात. नटी शोभा गेली १९८० साली, हा सिनेमा १९८३चा. ऐन उमेदीत गेलेल्या नटीच्या मृत्यूची सावली पडद्यावर आणायची आणि वर सामाजिक भान म्हणायचं? आणि कॅमेरा ढकलणं ही पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये (एफटीआयआय) शिकलेली चलाखी. पळून गेलेली अम्मिणी संध्याकाळी खाणार काय, ते दाखवा ना.

शेवग्याची_शेंग
दादा, मग 'उंबरठा' (१९८२) तुम्हाला फार आवडत असेल. तिथे कॅमेरा नायिका सुलभाताईंबरोबर (स्मिता पाटील) आश्रमात जातो, त्यांच्याचबरोबर बाहेर पडतो. बायका राहतात आतच. जॉर्जने निदान दार उघडलं. आमच्या सोसायटीत कामवाल्या मावशींना वेगळी लिफ्ट आहे. परवाच्या मीटिंगमध्ये विषय काढला तर सेक्रेटरी म्हणे, "त्यांनाच संकोच वाटतो."

लॉकॉलेज_रोड
'उंबरठा'वर घसरायचं काही कारण होतं का? स्मिता पाटीलला नावं ठेवल्याशिवाय मल्याळी सिनेमा मोठा होत नाही वाटतं!

शेवग्याची_शेंग
स्मिताला कुणी नावं ठेवली? पुन्हा वाचा. चष्मा लावून.

फणसाचा_गरा
अवांतर : एवढा मोठा माणूस, २०२३ साली कोचीतल्या काक्कनाडच्या वृद्धाश्रमात वारला. घराघरातली दुःखं मांडली त्याने, आणि त्यालाच घर नाही. कसली ही मुलंबाळं!

कोचीकर_कुलकर्णी
झालं सुरू. मी काक्कनाडलाच राहतो. तेव्हाही समाजमाध्यमांवर हेच दळण चाललं होतं. पक्षाघात झालेला माणूस, चोवीस तास देखभाल लागायची. घरच्यांनी जाहीर खुलासा केला, तरी लोकांचं समाधान नाही.

फणसाचा_गरा
खुलासे सगळेच देतात हो. आमच्या आजीला आम्ही शेवटपर्यंत घरी ठेवलं.

निशिगंधा
'आम्ही' म्हणजे नक्की कोणी? आजीचं अंग कोण पुसायचं? तुम्ही?
माझ्या सासऱ्यांना लकवा होता. नाकातून नळी, डायपर, पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून दर दोन तासांनी कूस बदलायची. नवरा फिरतीवर. नणंदा दिवाळीला यायच्या, फराळ करायच्या, आणि जाताना "वृद्धाश्रमात मात्र ठेवू नकोस हो वहिनी" सांगून जायच्या. माझी नोकरी त्यात गेली. त्याबद्दल कुणी हळहळलं नाही.

फणसाचा_गरा
ताई, व्यक्तिगत होऊ नका. आईने केलं आमच्या आजीचं सगळं. तिने कधी तक्रार केली नाही.

निशिगंधा
तक्रार करायला तिला विचारलं कोणी?

तळ्यातला_मासा
लोकहो, धागा जॉर्जवर होता!

शेवग्याची_शेंग
मासेराव, जॉर्जवरच चाललाय. वासंतीचं दुसरं काय होतं? नोकरी, घर, सासू, आणि वर सगळ्यांचा सल्ला.

कोचीकर_कुलकर्णी
+१. फणसराव, आता आईंना फोन लावा.

फणसाचा_गरा
बरं बाबा, सगळ्या सुना थोर, सगळी मुलं श्रावणबाळ. वृद्धाश्रमांना पद्मश्री द्या. गप्प बसतो.

लॉकॉलेज_रोड
मूळ मुद्द्यावर येऊ. 'स्वप्नाडनम्' (१९७६) ते 'इरकळ' (१९८५) हा जोर पुढे टिकला नाही. 'इलवंकोडु देशम्' (१९९८) सहन करून बघाच, म्हणजे माझी तक्रार कळेल. 'पंचवडी पालम' मात्र काल रात्री बसून पाहिला. आमच्या तालुक्यातल्या दोन ठेकेदारांना दाखवायला हरकत नाही, त्यांना तो प्रशिक्षणपट वाटेल. 'लेखा'बद्दलचं मत तेच. त्यात तसूभर बदल होणार नाही.

तळ्यातला_मासा
चला, गल्लाभरूवरून प्रशिक्षणपटापर्यंत तरी आलात. उपकार झाले.

निशिगंधा
'इरकळ' धड सबटायटलसह कुठे मिळेल? रबराच्या मळेवाल्यांच्या घरावर आहे ना तो? नणंदेलाही लिंक पाठवायची आहे.