आर्द्रेचा रुद्र आणि तांबडा काक्षी: पुराणकथेला साक्षीला बोलवायचं का?

शंकासुर
घरच्या व्हॉट्सॅप ग्रुपवर परवा एक ढकलपत्र आलं. काक्षी तारा म्हणजे आर्द्रा, आर्द्रेची देवता रुद्र, रुद्र म्हणजे संहार. सबब हा तारा एक दिवस फुटणार हे आपल्या ऋषींना ठाऊक होतं! खाली मावशीने अकरा वेळा हात जोडले. तिथे गप्प बसलो, म्हणून इथे लिहितोय.

मृग नक्षत्रातला काक्षी (इंग्रजीत बीटलज्यूस) हा तांबडा महाराक्षसी तारा. सूर्याच्या जागी आणून ठेवला तर बुधापासून मंगळापर्यंत सगळे ग्रह पोटात घालेल. वस्तुमान सूर्याच्या पंधरा-वीस पट. इतका जड तारा इंधन उधळेपणाने जाळतो, मग गाभा कोसळतो आणि ताऱ्याचा स्फोट होतो. हा स्फोट येत्या लाखभर वर्षांत कधीतरी होईल असा अंदाज आहे. त्यासाठी अणुसंमीलनाचं (अणुकेंद्रं जुळून ताऱ्यात ऊर्जा कशी तयार होते त्याचं) गणित लागलं, रुद्राध्याय नव्हे. सूर्य सोडून दुसऱ्या ताऱ्याचा कोनीय व्यास (आकाशात तो केवढा दिसतो ते माप) पहिल्यांदा मोजला गेला तो १९२० च्या डिसेंबरात, अमेरिकेतल्या माउंट विल्सन वेधशाळेत, मायकेलसन आणि पीझ या शास्त्रज्ञांकडून, आणि तो काक्षीचाच होता. कथा कथा म्हणून जरूर ऐका. पुरावा म्हणून नकोत.

पायरीवरची
ढकलपत्र भिकार आहे, त्यावर वादच नाही. पण त्या रागात तुम्ही कथाही केरात टाकताय.

ऐतरेय ब्राह्मण या वैदिक ग्रंथातली गोष्ट घ्या. प्रजापती मृगाचं रूप घेऊन आपल्याच मुलीच्या मागे लागतो. देव चिडतात, त्याला बाण मारवतात. तो मृग आकाशात गेला, मारणारा मृगव्याध झाला, ती रोहिणी झाली आणि तीन कांडांचा बाणही तिथेच राहिला. आता थंडीत गच्चीवर जा. मृगाच्या पोटातल्या बाणाच्या तीन ताऱ्यांची रेघ दोन्हीकडे वाढवा. एका टोकाला व्याध सापडतो, दुसऱ्या टोकाला रोहिणी. वर न बघता कुणाला ही गोष्ट रचता येईल?

शंकासुर
नकाशा आहे, मान्य. पण नकाशा वेगळा आणि भाकीत वेगळं. शिवाय या नकाशात काक्षी कुठे आहे? आपल्याकडच्या चित्रात तो मृगाच्या चार पायांपैकी एक, बस. त्याच्या रंगाबद्दल कथेत एक अक्षर नाही. तांबडेपणाचा मान रोहिणीला, तिचं नावच मुळी ‘तांबडी’. आणि काक्षी, जो आज तिच्याहून लाल दिसतो, त्याला म्हणे आर्द्रा, म्हणजे ओली!

भटक्या
थांबा, इथेच तर खरी गंमत आहे. कदाचित तेव्हा तो इतका तांबडा नव्हताच!

२०२२ मध्ये जर्मनीतल्या येना इथल्या संशोधकांनी जुन्या नोंदी चाळून हेच मांडलं. दोन हजार वर्षांपूर्वी चीनमधल्या सिमा छ्येन या इतिहासकाराने ताऱ्यांचे रंग लिहून ठेवले: पांढरा कसा तर व्याधासारखा, लाल ज्येष्ठेसारखा, पिवळा काक्षीसारखा. रोममधला लेखक हायजिनस त्याचा रंग शनीसारखा म्हणतो. सोळाव्या शतकात टायको ब्राहे या डॅनिश खगोलशास्त्रज्ञाला मात्र तो रोहिणीपेक्षा लाल दिसतो. दोन हजार वर्षांत पिवळ्याचा तांबडा झाला असेल, तर ताऱ्याचं वय आणि वस्तुमान किती याला मर्यादा पडतात. म्हणजे जुन्या पोथ्यांतून आजचं खगोलशास्त्र निघालं की नाही?

शंकासुर
आणि ग्रीक खगोलशास्त्रज्ञ टॉलेमी? इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात तो काक्षीला लालसर म्हणतो. पण त्याच यादीत व्याधालाही लालसर म्हणतो! व्याध पांढराशुभ्र आहे हे माझा सात वर्षांचा भाचाही सांगेल. सोयीचा साक्षीदार तेवढा खरा, असं कसं चालेल?

भटक्या
टॉलेमीचं नुसतं विशेषण आहे. सिमा छ्येनने रंग शेजारी शेजारी ठेवून सांगितलेत आणि त्यातले व्याध, ज्येष्ठा आजही जुळतात. कोण बोलतो यापेक्षा कसं बोलतो ते बघा. आणि रोहिणीचा मुद्दा तुम्हीच दिलात, मी फक्त उचलला. 😄

पायरीवरची
मग हाच न्याय तोंडी कथांना का नाही? ऑस्ट्रेलियातल्या ग्रेट व्हिक्टोरिया वाळवंटातले कोकाथा लोक मृगाला न्यीरुना नावाचा शिकारी मानतात. तो कृत्तिका या बहिणींच्या मागे लागलेला. त्याच्या उजव्या हातात आगीची जादू भरते, तो हात म्हणजे काक्षी. त्यांची थोरली बहीण कांबुगुधा आडवी येते, पायाने त्याच्यावर धूळ उडवते, आणि हातातली आग विझते. पुढे ती पुन्हा भरते. काक्षीचं तेज कमी-जास्त होतं हे इंग्रज खगोलशास्त्रज्ञ जॉन हर्शेलने १८३६ मध्ये टिपलं. इथे वाळवंटातल्या माणसांनी ते गोष्टीतच घातलंय.

शंकासुर
ही कथा भारी आहे, खरंच. पण ती कागदावर आली विसाव्या शतकात. ‘आग भरते’ म्हणजे ‘तेज वाढतं’ हा अर्थ नंतरच्या अभ्यासकांनी लावला. अशक्य म्हणत नाही. २०१९ च्या अखेरीस काक्षी मंदावत गेला आणि फेब्रुवारी २०२० मध्ये नेहमीच्या तेजाच्या जेमतेम ४० टक्क्यांवर आला, तेव्हा साध्या डोळ्यांना फरक कळत होता. जगभर ‘आता फुटणार’ म्हणून धमाल उडाली. निघालं काय, तर ताऱ्याने स्वतःच बाहेर टाकलेल्या वायूची धूळ होऊन आपल्या समोर आडवी आली.

पायरीवरची
धूळच ना? कांबुगुधानेही धूळच उडवली होती.

शंकासुर
हा योगायोग आहे!! (पण दाद देतो.)

कोरडवाहू
तुम्ही मंडळी पोथ्या उघडून बसलात. आमच्याकडे मिरग म्हणजे जूनचा पहिला आठवडा सरताना येणारं नक्षत्र, त्यानंतर आडदरा, म्हणजे आर्द्रा. त्या दिवसांत सूर्यच तिथे असतो, म्हणून तारा दिसतच नाही. म्हणजे ‘ओली’ हे नाव ताऱ्याच्या रूपावरून पडलेलं नाही, पावसावरून पडलंय असं मला वाटतं. रोहिणी-आर्द्रा हा रंगाचा पुरावा धरू नका.

भटक्या
अरेच्चा. हे पटलं. रोहिणीवाला मुद्दा मागे घेतो. सिमा छ्येन मात्र सोडत नाही.

शंकासुर
आणि मी टॉलेमी सोडत नाही. कोरडवाहू, तुमचा प्रतिसाद मावशीच्या ग्रुपवर टाकू का?

कोरडवाहू
टाका. हात जोडायला सांगू नका फक्त.