मदत हवी आहे : औंधचं संग्रहालय आणि माण-खटावचा माळ, शूटिंगची परवानगी

नमस्कार मंडळी. मी साताऱ्यात राहतो, पदरचे पैसे घालून छोटे माहितीपट करतो. आता औंधच्या श्री भवानी संग्रहालयावर करायचाय. औंध संस्थानचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांनी ते १९३८ साली डोंगरउतारावर उभारलं. राजे स्वतः चित्रकार होते. रविवर्मा, धुरंधर यांची चित्रं तर आहेतच, पण इंग्रज शिल्पकार हेन्री मूरचं आई-बाळाचं शिल्पही खटाव तालुक्यात आहे, हे जिल्ह्यातल्या किती जणांना ठाऊक असेल?

मला नुसती चित्रं टिपायची नाहीत. दालनातल्या रंगांवरून कॅमेरा थेट बाहेरच्या माळावर न्यायचाय : पिवळं पडलेलं कुसळी गवत, मेंढरांची धूळ, यमाईच्या डोंगराची पायवाट. हा पर्जन्यछायेतला मुलूख. ऊन चढलं की सगळे रंग उडतात, त्यामुळे काम भल्या सकाळी आणि दिवस कलताना.

तर, संग्रहालयात व्हिडिओ शूटिंगसाठी अर्ज नेमका कुणाकडे करायचा? ट्रायपॉड चालतो का? फ्लॅश किंवा दिवे लावणार नाही, जुन्या चित्रांना प्रखर प्रकाश सोसत नाही. आहे त्या उजेडात भागवेन. २५० ग्रॅमच्या आतला ड्रोन उडवायला पोलीस ठाण्याचंही पत्र लागतं का? अनुभव असेल त्यांनीच सांगा, ऐकीव माहितीवर हेलपाटे होतात.

आणि सर्वांत महत्त्वाचं : औंध संस्थान १९४८ साली विलीन झालं. त्याआधीचं औंध पाहिलेले कुणाचे आजी-आजोबा बोलायला तयार असतील, तर कृपया मेसेज करा. त्यांच्यासाठी मी कधीही, कुठल्याही गावी येईन.