जपमाळ, गोमुखी आणि मोबाइलवरील मोजणी

मोबाइलवर जप मोजल्याने साधना यांत्रिक होते, हा आक्षेप मला अर्धाच पटतो; कारण मोजणी हे जपाचे अंग मुळातच यांत्रिक आहे आणि १०८ मण्यांची माळ हेही त्यासाठी माणसाने घडवलेले साधनच आहे. फरक आहे तो स्पर्शाचा. माळ मधल्या बोटावर धरून अंगठ्याने एकेक मणी ओढायचा, तर्जनी लावायची नाही आणि मेरुमणी (माळ जिथे सुरू होते व संपते तो वेगळा मणी) न ओलांडता माळ उलट फिरवायची, हे सारे डोळे मिटून करता येते. काचेच्या पडद्यावर मात्र आकडा वाढला की नाही हे पाहण्यासाठी डोळे उघडावे लागतात आणि तेवढ्यात कुणाचा तरी संदेश दिसतो. (कंपनाची सोय असते, हे मान्य, पण संदेश आला तरी फोन तसाच थरथरतो.)

त्याहून मला खटकते ते संख्येचे प्रदर्शन. गोमुखीत, म्हणजे माळ झाकणाऱ्या कापडी पिशवीत, हात घालून जप करण्याच्या प्रथेत माळ इतरांच्या दृष्टीआड राहते, तर अनेक ॲपमध्ये सलग किती दिवस जप झाला याची नोंद समोर झळकते व ती समूहात धाडण्याचीही सोय असते.

तरीही सरसकट नकार मला देववत नाही. संधिवाताने बोटे आखडल्यापासून माझी आई बोटात अडकवायचा बटणाचा गणक वापरते. त्यावर पडदा लहानसा आहे, संदेश येत नाहीत आणि तिचा जप पूर्वीइतकाच शांतपणे चालतो.